सर्वांना बोलू देणारे दादासाहेब मावळंकर

(शाळेच्या हीरक महोत्सवानिमित्त झालेल्या भाषणाचा मजकूर)



दिल्लीत दोनतीन पिढ्या काढलेल्या मराठी कुटुंबांना 'मावळंकर हॉल' हे नाव नवीन नाही. रफी मार्गावर, संसदेपासून हाकेच्या अंतरावर हे सभागृह उभे आहे. नाटक, व्याख्यान, सत्कार अशा कोणत्या ना कोणत्या निमित्ताने आपल्यापैकी अनेकांची पावले तेथे वळली असतील. परंतु प्रवेशद्वारावरचे ते आडनाव कोणाचे, असे एखाद्या विद्यार्थ्याने विचारले, तर बहुतेकांचे उत्तर 'लोकसभेचे पहिले अध्यक्ष' एवढ्यावरच थांबते. सामान्यज्ञानाच्या परीक्षेत त्याला एक गुण मिळेलही. त्या एका गुणामागे केवढे आयुष्य उभे आहे, हे मात्र त्यातून कळत नाही. शाळेच्या साठाव्या वर्षी त्या आयुष्याचा परिचय करून घेणे उचित ठरेल. कारण ते आयुष्य मराठी कुटुंबातील एका वकिलाचे आहे, परप्रांतात घडलेले आहे, आणि त्याचा शेवटचा व सर्वांत मोठा अध्याय याच दिल्लीत लिहिला गेला आहे.

गणेश वासुदेव मावळंकर यांचा जन्म २७ नोव्हेंबर १८८८ रोजी बडोद्यास झाला. घराणे मूळचे रत्नागिरी जिल्ह्यातील संगमेश्वर भागातल्या मावळंगे गावचे. आडनाव त्या गावावरूनच आले. आरंभीचे शिक्षण राजापूर आणि मुंबई इलाख्यातील इतर काही गावी झाले. १९०२ मध्ये, वयाच्या चौदाव्या वर्षी, ते पुढील शिक्षणासाठी अहमदाबादला आले आणि तेथलेच झाले. गुजरात कॉलेजातून १९०८ मध्ये त्यांनी विज्ञान विषय घेऊन बी. ए. ची पदवी मिळवली. वर्षभर त्याच कॉलेजात ते दक्षिणा फेलो होते. त्यानंतर मुंबईच्या सरकारी विधी विद्यालयातून १९१२ मध्ये कायद्याची परीक्षा पहिल्या वर्गात उत्तीर्ण होऊन १९१३ पासून त्यांनी अहमदाबादेत वकिली सुरू केली. त्याच वर्षी ते गुजरात एज्युकेशन सोसायटीचे मानद सचिवही झाले. वकिलीचा पहिला पैसा हाती येण्याच्या सुमारास एका शिक्षणसंस्थेचे विनावेतन काम अंगावर घेणारा हा तरुण होता, याची शाळेच्या व्यासपीठावरून नोंद घ्यायला हवी.

त्या काळच्या अहमदाबादेतील वकील मंडळी संध्याकाळी गुजरात क्लबमध्ये जमत. पत्ते, गप्पा आणि कोर्टातल्या विनोदांत वेळ जाई. नुकतेच विलायतेहून बॅरिस्टर होऊन आलेले वल्लभभाई पटेल हे त्या बैठकीतील एक प्रमुख नाव. गांधीजी क्लबात बोलायला आले, त्या दिवसाची एक गोष्ट प्रसिद्ध आहे. वल्लभभाई पत्ते खेळत होते. मावळंकर भाषण ऐकायला उठले, तेव्हा वल्लभभाईंनी त्यांची थट्टा केली : हा गृहस्थ तुम्हाला गव्हातले खडे निवडता येतात का ते विचारील, आणि त्यातून म्हणे स्वराज्य मिळणार! मावळंकर हसले असतील वा नसतील, पण ते ऐकायला गेले. पुढे थट्टा करणारेही त्याच मार्गाने गेले, आणि कुठल्या कुठे पोहोचले हे सर्वांना ठाऊक आहे. या गोष्टीत मावळंकरांच्या स्वभावातली एक खूण सापडते. मत बनवण्याआधी समोरच्याचे ऐकून घ्यावे, ही सवय त्यांच्या अंगी पंचविशीतच होती. पुढील आयुष्यात हीच सवय त्यांचा व्यवसाय झाली.

१९१६ मध्ये ते गुजरात सभेचे सचिव झाले. खेडा जिल्ह्यात पीक बुडाले, तेव्हा शेतसाऱ्याच्या प्रश्नावर याच सभेने प्रथम आवाज उठवला. पीक चार आण्यांहून कमी आले तर सारा तहकूब करावा, हा सरकारचाच नियम होता. शेतकऱ्यांचे म्हणणे एवढेच होते की, सरकारने स्वतःचा नियम पाळावा. वकिलाच्या दृष्टीने पाहिले तर खेड्याच्या सत्याग्रहाचा पाया किती भक्कम होता, हे लक्षात येते. नियम दुबळ्याच्या बाजूनेही उभा राहू शकतो, मात्र तो कोणीतरी वाचून दाखवावा लागतो, हा धडा मावळंकरांना तेथे मिळाला. त्यानंतर १९१९ मध्ये ते अहमदाबाद नगरपालिकेवर निवडून गेले. पुढे १९३० ते १९३३ आणि १९३५ ते १९३६ या काळात ते नगरपालिकेचे अध्यक्ष होते. असहकार, मिठाचा सत्याग्रह, बेचाळीसची चळवळ या सर्वांतून ते गेले आणि तुरुंगवास त्यांच्या वाट्याला पुनःपुन्हा आला.

तुरुंगात राजकीय कैद्यांबरोबर चोर, दरोडेखोर आणि खुनी म्हणून शिक्षा झालेली माणसेही असत. पुष्कळ सुशिक्षित सत्याग्रही त्यांच्यापासून अंतर राखून वागत. मावळंकर त्यांच्याजवळ बसले. त्यांच्या हकिगती त्यांनी ऐकून घेतल्या आणि पुढे त्यांवर 'मानवतानां झरणां' हे गुजराती पुस्तक लिहिले. कोर्टात वकिलाला अशिलाची बाजू ठाऊक असते; त्या बाजूमागचा माणूस त्यांना तुरुंगात भेटला. कोकणातल्या घराण्यातील मुलाने गुजराती तुरुंगातील कैद्यांची दुःखे गुजरातीत लिहावीत, आणि ती तेथील वाचकांना आपली वाटावीत, याहून परप्रांतात रुजण्याचा चांगला दाखला कोणता?

१९३५ च्या कायद्यानुसार प्रांतांत निवडणुका झाल्या आणि १९३७ मध्ये मावळंकर मुंबई विधानसभेचे अध्यक्ष झाले. त्यांच्या जीवनाला येथे निर्णायक वळण मिळाले. त्यांची चोवीस वर्षे वकिलीच्या व्यवसायाशी जोडलेली होती. वकिलाने बाजू घ्यायची असते. बाजू न घेणारा वकील अशिलाचा घात करतो. अध्यक्षाने बाजू घ्यायची नसते. बाजू घेणारा अध्यक्ष सभागृहाचा घात करतो. ज्यांची जीभ हेच ज्यांचे साधन, त्यांनी पन्नाशीच्या उंबरठ्यावर ते साधन म्यान करून इतरांचे बोलणे ऐकण्याचे काम स्वीकारले. हे काम करण्यापेक्षा सांगणे सोपे आहे.

त्या सभागृहाची कसोटीही लहान नव्हती. सरकार बाळासाहेब खेर यांचे, म्हणजे अध्यक्षांच्याच पक्षाचे होते. समोरच्या बाकांवर स्वतंत्र मजूर पक्षाचे नेते डॉ. बाबासाहेब आंबेडकर होते. १७ सप्टेंबर १९३७ रोजी बाबासाहेबांनी कोकणातील खोती पद्धत नष्ट करण्याचे विधेयक मांडले. रत्नागिरी जिल्ह्यातील कुळांच्या पिढ्यान्‌पिढ्यांच्या गाऱ्हाण्याला प्रथमच कायद्याचे शब्द मिळाले. त्या वेळी अध्यक्षांच्या आसनावर त्याच जिल्ह्यात मूळ असलेला माणूस बसला होता, हा इतिहासातला अर्थपूर्ण योगायोग म्हणावा लागेल. ते विधेयक त्या काळी संमत झाले नाही. परंतु ते सभागृहात मांडले गेले आणि सरकारी दप्तरात नोंदले गेले. आज हरलेली बाजू उद्याच्या कायद्यात उतरते ती अशा नोंदीतूनच. म्हणून ती बाजू बोलू शकली की नाही, याला महत्त्व असते.

१९४६ च्या जानेवारीत मावळंकर दिल्लीला मध्यवर्ती कायदेमंडळाच्या अध्यक्षपदाचे उमेदवार म्हणून आले. मध्यवर्ती कायदेमंडळात निवडून आलेल्या सभासदांबरोबर सरकारी आणि नेमलेले सभासदही मतदान करीत. विरोधात सर कावसजी जहांगीर होते आणि सरकारचा पाठिंबा त्यांना होता. मावळंकरांना ६६ मते मिळाली, कावसजींना ६३. अवघ्या तीन मतांनी निकाल लागला. त्यापूर्वी एकवीस वर्षे, १९२५ मध्ये, याच सभेचे पहिले निर्वाचित भारतीय अध्यक्ष म्हणून विठ्ठलभाई पटेल ५८ विरुद्ध ५६ अशा दोन मतांनी निवडून आले होते. तेही व्यवसायाने वकीलच. आज रफी मार्गावर विठ्ठलभाई पटेल भवन आणि मावळंकर सभागृह शेजारी शेजारी आहेत. एक दोन मतांनी आलेला, दुसरा तीन मतांनी. आणि दोघांनीही ज्यांनी विरोधात मत दिले त्यांचेही अध्यक्ष म्हणून काम केले.

१४ ऑगस्ट १९४७ च्या मध्यरात्रीबरोबर ते जुने कायदेमंडळ संपुष्टात आले. संविधान सभेकडे आता दोन कामे होती : देशाचे संविधान तयार करणे आणि तोवर रोजचे कायदे करणे. संविधानाचे काम चाले तेव्हा डॉ. राजेंद्रप्रसाद आसनावर असत; कायद्याचे काम चालू झाले की ते आसन मावळंकरांकडे येई. १७ नोव्हेंबर १९४७ रोजी त्यांची त्या पदावर निवड झाली होती. २६ जानेवारी १९५० नंतर हीच सभा हंगामी संसद झाली आणि मावळंकर तिचे अध्यक्ष राहिले. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीनंतर १५ मे १९५२ रोजी ते लोकसभेचे अध्यक्ष झाले. त्या निवडणुकीत त्यांच्या विरोधात उभे होते शेतकरी कामगार पक्षाचे शंकर शांताराम मोरे. स्वतंत्र भारताच्या पहिल्या लोकसभेची पहिली लढत दोन मराठी माणसांत झाली, हे आपल्या मुलांना सहसा सांगितले जात नाही. मावळंकरांना ३९४ मते पडली, मोऱ्यांना ५५. १९४६ साली तीन मतांनी निवडून आलेले अध्यक्ष सहा वर्षांनी तीनशे एकोणचाळीस मतांच्या आधिक्याने निवडून आले.

खरी परीक्षा मात्र येथूनच सुरू झाली. परक्या सरकारपुढे सभागृहाचा मान राखणे कठीण खरे, पण त्यात मनाची ओढाताण नसते. स्वतःच्या पक्षाचे सरकार, त्याला प्रचंड बहुमत, नेतृत्व पंडित नेहरूंसारख्या लोकप्रिय पुरुषाचे, आणि समोर थोडके, विखुरलेले विरोधक. ४८९ निर्वाचित जागांपैकी ३६४ जागा काँग्रेसच्या. विरोधातील सर्वांत मोठा गट म्हणजे कम्युनिस्ट पक्ष, तोही अवघ्या सोळा सदस्यांचा. अशा सभागृहात विरोधकांचा आवाज दाबण्यासाठी कोणी वाईट असण्याचीही गरज नसते. घाई पुरेशी असते. 'बहुमत आपले आहे, निर्णय ठरलेला आहे, मग वेळ कशाला घालवायचा?' हा प्रश्न वर्गातही उठतो, घरातही उठतो. मावळंकरांनी आपली शेवटची वर्षे या प्रश्नाचे उत्तर उभारण्यात घालवली, आणि ते उत्तर त्यांनी भाषणांतून नव्हे, नियमांतून आणि समित्यांतून दिले.

या समित्यांची नावे रुक्ष वाटतात, पण त्यांच्यामागचा विचार कोणत्याही पालकाला समजेल असा आहे. पूर्वी सरकारी खर्चाचे हिशेब पाहणाऱ्या लोकलेखा समितीचे अध्यक्षपद अर्थमंत्र्यांकडेच असे. म्हणजे ज्याने खर्च केला त्यानेच हिशेब तपासायचा. १९५० पासून ती समिती सभागृहाच्या अध्यक्षांच्या नियंत्रणाखाली आली आणि मंत्री तिच्याबाहेर राहिले. त्याच वर्षी अंदाज समिती स्थापन झाली, ती पैसा कसा वाचवता येईल याचा विचार करी. १९५३ मध्ये आणखी एक समिती आली, तिचे काम मंत्र्यांच्या आश्वासनांचा पाठपुरावा करणे. मंत्री सभागृहात उभे राहून 'या बाबीत लक्ष घालू' असे म्हणतात, सदस्य समाधानाने बसतात, आणि पुढे त्या बाबीचे काय झाले हे कोणी विचारत नाही. हा अनुभव संसदेपुरता नाही. शिक्षक विद्यार्थ्याला आणि आईवडील मुलाला अशी आश्वासने रोज देत असतात. दिलेला शब्द लिहून ठेवावा आणि तो पाळला गेला की नाही ते तपासावे, एवढी साधी गोष्ट मावळंकरांच्या काळात संस्थेच्या रूपाने उभी राहिली. त्याच सुमारास, कायद्याच्या आडून खाती जे नियम करतात ते कायद्याच्या मर्यादेत आहेत की नाहीत, हे पाहणारी समितीही निर्माण झाली. संसदेच्या सचिवालयात महेश्वरनाथ कौल यांच्यासारखे जाणते अधिकारी त्यांच्या हाताशी होते. दोघांनी मिळून परकीय राज्याकडून आलेल्या कार्यपद्धतीला देशी संसार करायला शिकवले. या सभागृहाला 'लोकसभा' हे नाव मिळाल्याची घोषणाही १४ मे १९५४ रोजी मावळंकरांनीच केली.

पंतप्रधानांशी त्यांचा मतभेद झाला तो वटहुकमांच्या प्रश्नावर. संसदेचे अधिवेशन चालू नसताना तातडीच्या प्रसंगी वटहुकूम काढण्याची तरतूद संविधानात आहे. परंतु अधिवेशन संपताच वटहुकूम निघू लागले, तेव्हा मावळंकरांनी सरकारला पत्रे लिहिली. १९५० मध्ये संसदीय कामकाजमंत्र्यांना, १९५४ मध्ये खुद्द नेहरूंना. वटहुकमाची वाट लोकशाहीच्या स्वभावाशी विसंगत आहे, ती अपवाद म्हणूनच वापरावी, अन्यथा संसदेवर केवळ शिक्का मारण्याचे काम उरेल, असा त्यांचा आशय होता. नेहरूंनीही तत्त्व मान्य केले आणि सरकारच्या अडचणी सांगितल्या. या पत्रव्यवहारात कोठेही कटुता नाही. परस्परांविषयी आदर असलेल्या दोन माणसांनी एकमेकांना नकार कसा द्यावा, याचा तो वस्तुपाठ आहे. मावळंकरांना 'लोकसभेचे जनक' असे नेहरूंनी म्हटले, त्या गौरवाला या नकारांमुळेच वजन आले.

तथापि थोरांचा परिचय करून देताना केवळ आरती ओवाळणे योग्य नव्हे. मावळंकरांच्या दोन भूमिकांवर त्या काळीही आक्षेप घेतले गेले आणि आजही घेता येतात. पहिली भूमिका पक्षाविषयीची. इंग्लंडमध्ये हाऊस ऑफ कॉमन्सचा अध्यक्ष पदावर येताच पक्ष सोडतो. मावळंकरांनी काँग्रेसशी असलेला संबंध तोडला नाही, आणि तसे त्यांनी उघडपणे सांगितले. त्यांचा युक्तिवाद असा की, तेथे अध्यक्षाविरुद्ध निवडणुकीत सहसा तगडा उमेदवार उभा करीत नाहीत. तो संकेत येथे रुजल्याशिवाय अध्यक्षाने पक्षाचा आधार सोडावा अशी अपेक्षा धरता येत नाही. मात्र पक्षाच्या वादविवादांपासून आपण दूर राहू आणि आसनावर असताना सर्वांना सारखे लेखू, असे त्यांनी वचन दिले. दुसरी भूमिका विरोधी पक्षाच्या मान्यतेविषयीची. एकूण सदस्यसंख्येच्या किमान एक दशांश सदस्य असल्याशिवाय एखाद्या पक्षाला अधिकृत विरोधी पक्ष मानता येणार नाही, असा दंडक त्यांनी घातला. सोळा जणांच्या पक्षाला ते अंतर गाठणे शक्य नव्हते. परिणामी लोकसभेला अधिकृत विरोधी पक्षनेता मिळायला १९६९ साल उजाडावे लागले. अल्पसंख्य आवाजाची एवढी काळजी वाहणाऱ्या माणसाने आखलेल्या रेषेमुळेच ती खुर्ची इतकी वर्षे रिकामी राहिली. पर्यायी सरकार देऊ शकेल अशा मोठ्या विरोधी पक्षाची बांधणी व्हावी, हा त्यांचा हेतू असेल. पण हेतू आणि परिणाम यांचे गणित प्रत्येक वेळी जुळत नाही, हेही त्यांच्याच चरित्रातून शिकायचे.

या साऱ्याचा कस १८ डिसेंबर १९५४ रोजी लागला. अध्यक्ष निःपक्षपाती राहिले नाहीत, विरोधकांच्या स्थगन सूचना आणि प्रश्न ते नाकारतात, अशी तक्रार करून विघ्नेश्वर मिसिर यांनी त्यांना पदावरून दूर करण्याचा ठराव मांडला. स्वतंत्र भारतात लोकसभेच्या अध्यक्षांविरुद्ध आलेला हा पहिलाच ठराव. संविधानाचा नियम असा की, असा ठराव चर्चेला असताना अध्यक्ष आसनावर बसू शकत नाहीत. म्हणून उपाध्यक्ष अनंतशयनम अय्यंगार यांनी कामकाज चालवले. ज्या आसनावरून सतरा वर्षे इतरांना बोलण्याची परवानगी दिली, ते आसन सोडून आपल्याविषयीचे कठोर शब्द ऐकण्याची वेळ मावळंकरांवर आली. तेव्हा ते सहासष्ट वर्षांचे होते.

चर्चा झाली आणि मोकळेपणाने झाली. पंतप्रधान नेहरूंनी आपल्या पक्षाच्या सदस्यांना सांगितले की, हा पक्षाचा प्रश्न समजू नका, पक्षादेशाचे बंधन मानू नका. सभागृहाच्या प्रतिष्ठेचा प्रश्न म्हणून याकडे पाहा. ठरावावर त्यांनी कठोर टीकाही केली. अखेर ठराव फेटाळला गेला. निकालात आश्चर्य काहीच नव्हते, बहुमत पाहता तो ठरलेलाच होता. तरीही तो दिवस व्यर्थ गेला असे म्हणता येत नाही. जे सदस्य मावळंकरांवर 'बोलू देत नाहीत' असा आरोप करीत होते, ते तो आरोप त्याच सभागृहात, त्यांच्याच देखत, नियमांच्या आधाराने करू शकले. तक्रार करणाऱ्यांना वेगळे सभागृह शोधावे लागले नाही. संस्था उभी करणाऱ्याविरुद्धही त्या संस्थेत दाद मागता येते, हे त्या दिवशी देशाला दिसले. ज्या शाळेत विद्यार्थी निर्भयपणे शिक्षकाची चूक दाखवू शकतो, त्या शाळेविषयी आपण जे म्हणू, तेच त्या सभागृहाविषयी म्हणावे लागेल.

२७ फेब्रुवारी १९५६ रोजी अहमदाबादेत मावळंकरांचे निधन झाले. १९३७ पासून मोजले तर कोणत्या ना कोणत्या सभागृहाच्या अध्यक्षपदाशी त्यांचे नाव एकोणीस वर्षे जोडलेले होते. ते वर्ष भाषावार प्रांतरचनेच्या वणव्याचे होते. जानेवारीत मुंबईच्या रस्त्यांवर गोळीबार झाले होते. मराठी आणि गुजराती माणसांत कडवटपणा पसरत होता. अशा वर्षी अहमदाबादच्या रिकाम्या जागेसाठी पोटनिवडणूक आली, आणि त्या गुजराती शहराने सुशीलाबाई मावळंकर यांना, म्हणजे दादासाहेबांच्या पत्नीला, बिनविरोध लोकसभेवर पाठवले. मावळंगे गावाचे नाव धारण करणाऱ्या कुटुंबाला अहमदाबादने आपले मानले होते. अर्धशतक दुसऱ्याच्या गावात राहून, तेथली भाषा आपलीशी करून, तेथल्या शाळा, नगरपालिका आणि तुरुंग यांत स्वतःला झिजवल्यानंतर हा विश्वास मिळतो. आडनाव बदलावे लागत नाही आणि मुळेही तोडावी लागत नाहीत.

या कथेला आणखी एक उपसंहार आहे. दादासाहेबांचे पुत्र पुरुषोत्तम मावळंकर हे राज्यशास्त्राचे प्राध्यापक. १९७२ च्या पोटनिवडणुकीत ते अहमदाबादेतून अपक्ष म्हणून लोकसभेवर निवडून आले. जून १९७५ मध्ये आणीबाणी आली. जुलैमध्ये संसद भरली तेव्हा अनेक विरोधी सदस्य तुरुंगात होते, वृत्तपत्रांवर नियंत्रण होते आणि प्रश्नोत्तराचा तासही स्थगित करण्यात आला होता. पाठीशी पक्ष नसलेले हे प्राध्यापक त्या सभागृहात उभे राहिले आणि आणीबाणीच्या विरोधात बोलले. वडिलांनी जे सभागृह उभे केले, त्यात एकटा माणूस किती मोकळेपणाने बोलू शकतो, याची परीक्षा मुलाला स्वतः द्यावी लागली. दार अरुंद झाले होते, पण पूर्ण मिटले नव्हते. १९७७ मध्ये गांधीनगरच्या मतदारांनी त्यांना पुन्हा निवडून दिले.

मित्रहो, दिल्लीतील मराठी शाळा चालवणे म्हणजे मोठ्या सभागृहात लहान गट होऊन बसण्यासारखे आहे. आजूबाजूला बहुसंख्येची भाषा, बहुसंख्येची सोय, आणि 'मग वेळ कशाला घालवायचा?' हा तोच जुना प्रश्न. साठ वर्षे आईवडिलांनी मुलांना या शाळेत पाठवले, ते गणिताने नव्हे. एक आवाज ऐकू येत राहावा म्हणून. त्या आवाजाला जागा मागताना आपणही इतरांच्या आवाजाला जागा देतो का, हे पाहण्याचे कर्तव्य मात्र आपल्यावर येते. वर्गातल्या शेवटच्या बाकावरील, अडखळत बोलणाऱ्या, नुकत्याच दिल्लीत आलेल्या मुलाचे वाक्य पूर्ण होईपर्यंत थांबणे, घरात सर्वांत धाकट्याचे मत विचारणे, सहकारी सोसायटीच्या सभेत एकट्या पडलेल्या शेजाऱ्याला बोलू देणे, ही सर्व मावळंकरांच्याच कामाची लहान रूपे आहेत.

आता संसद नव्या इमारतीत भरते. दादासाहेब ज्या गोल इमारतीत बसत, तिचे नाव आता 'संविधान सदन' आहे. सहलीच्या निमित्ताने मुले त्या बाजूला जातील, तेव्हा शिक्षकांनी आणि पालकांनी त्यांना रफी मार्गावरून न्यावे. सभागृहावरील नाव वाचायला सांगावे. आणि 'हे कोण?' असा प्रश्न आला, तर 'लोकसभेचे पहिले अध्यक्ष' या उत्तरापाशी न थांबता आणखी एक वाक्य जोडावे : हे एक वकील होते, आयुष्याची पहिली वर्षे ते लोकांच्या वतीने बोलले आणि पुढची सारी वर्षे लोकांना बोलू देण्यासाठी ऐकत राहिले.